पांढऱ्या रंगातून पुन्हा पुन्हा वर येणारे डाग : जुन्या सागवानी फर्निचरची दुखणी आणि इलाज

जुन्या सागवानी कपाटाला पांढरा रंग दिला. ओला होता तोवर सगळे छान होते. सकाळी पाहावे तर दाराच्या फळीवर चहा सांडल्यासारखे पिवळट ढग, कडेच्या नक्षीत गुलाबी झाक आणि खिळ्यांभोवती काळसर वर्तुळे. मग आणखी एक हात दिला जातो. डाग झाकले जातात आणि रंग वाळला की परत वर येतात. तिसऱ्या हातालाही तेच. फिकट रंग, घासलेल्या कडा, वापरून वापरून मऊ झाल्यासारखा 'शॅबी शिक' थाट घरच्या जुन्या फर्निचरवर आणू पाहणाऱ्यांची ही सगळ्यात नेहमीची तक्रार.

यात रंगाचा दोष नसतो. डाग खालून येतो, आणि खालचा थर बंद केल्याशिवाय वरचा रंग कितीही महागाचा असला तरी फरक पडत नाही. उलट पाण्याच्या रंगाचा प्रत्येक नवा हात डागाला नव्याने वर ओढतो. रंगातले पाणी लाकडात शिरते, तिथला विद्राव्य अर्क विरघळवते आणि वाळताना त्याला सोबत घेऊन पृष्ठभागावर येते. पाणी उडून जाते, अर्क तिथेच राहतो. म्हणून ओल्या रंगात डाग दिसत नाही आणि वाळल्यावर दिसतो.

आपल्याकडे हे जास्त का होते

हा थाट मूळचा ब्रिटन-अमेरिकेतला. रेचल अ‍ॅशवेल यांनी १९८९ मध्ये कॅलिफोर्नियातल्या सांता मोनिकात 'शॅबी शिक' नावाचे दुकान काढले आणि शैलीला तेच नाव चिकटले. अ‍ॅनी स्लोन यांनी १९९० मध्ये ऑक्सफर्डला 'चॉक पेंट' बाजारात आणला आणि 'घासायला नको, प्रायमर नको' हे सूत्र लोकप्रिय झाले. तिकडच्या या फर्निचरमध्ये पाइनसारखे फिक्या रंगाचे लाकूड बरेच असते, आणि कित्येक वस्तू मुळातच रंगवलेल्या असतात.

पुण्याच्या जुन्या बाजारात, मुंबईच्या चोर बाजारात किंवा ओशिवऱ्याच्या फर्निचर बाजारात हाती लागतो तो सागवान, शिसव किंवा कोकण-गोव्याकडून आलेला फणस. सागवानात तेलकट अर्क असतो. फणसाच्या गाभ्यात पिवळा रंगद्रव्यच असतो. त्या लाकडाच्या भुशापासून कापड रंगवले जाते, ही गोष्ट लक्षात ठेवली तर फणसाच्या कपाटावरचा पांढरा रंग पिवळा का पडतो हे वेगळे सांगायला नको. त्यात भर म्हणून आपल्या पॉलिशवाल्यांची पद्धत: चपडा लाख (लाखेचे पातळ पापुद्रे) स्पिरिटमध्ये विरघळवायची आणि त्यात महोगनी किंवा चेरी रंगाची पूड घालायची. ती पूड पुढे पन्नास वर्षांनीही सुटते. म्हणून 'प्रायमर नको' हे सूत्र इथे जसेच्या तसे चालवू नये.

डागाच्या रंगावरून कारण ओळखा

पिवळट-तपकिरी आणि पसरट डाग म्हणजे लाकडाचा स्वतःचा अर्क, टॅनिन (लाकडातले तुरट द्रव्य) वगैरे. फळीच्या टोकांना, जिथे लाकडाच्या नळ्या उघड्या असतात तिथे, तो जास्त गडद असतो.

गुलाबी, लालसर किंवा नारिंगी झाक म्हणजे जुन्या पॉलिशमधला रंग. स्पिरिटमध्ये बुडवलेले पांढरे सुती फडके आतल्या बाजूला, दिसणार नाही अशा ठिकाणी दहा-पंधरा सेकंद दाबून धरा. फडक्यावर लाल उतरले तर शंकाच नको. सगळ्यांत चिवट डाग हाच.

काळा-निळसर ठिपका किंवा वर्तुळ म्हणजे लोखंड आणि टॅनिनची प्रक्रिया. जुन्या काळची काळी शाई याच प्रक्रियेने करत. खिळा, बिजागरीचा स्क्रू किंवा जुन्या टाचणीचे मोडलेले टोक तिथे असणारच. पूर्ण फळीभर बारीक काळे ठिपके उठले असतील तर लाकूड स्टील वूलने घासलेले असते. त्याचे तुटलेले तंतू छिद्रांत अडकतात, पाण्याचा रंग लागला की गंजतात. सागवान पाण्याच्या रंगाने रंगवायचा असेल तर स्टील वूल वापरूच नका. भांड्यांची हिरवी नायलॉनची घासणी तेच काम करते.

एकाच जागी गोल, मधाच्या रंगाचा डाग असेल तर ती गाठ. पॅकिंगच्या पाइन फळ्यांपासून केलेल्या शेल्फवर हे हमखास दिसते. (अशा पॅकिंगच्या फळ्यांवर 'एचटी' शिक्का असेल तर लाकूड उष्णता देऊन निर्जंतुक केलेले आहे. 'एमबी' असेल तर ते मिथाइल ब्रोमाइडच्या धुरीचे आहे, ते घरात आणू नका.)

रंगाला डाग नाही पण तो ब्रशखाली फाटतो, गोल डोळे पडतात, असे होत असेल तर खाली मेण किंवा चकाकीच्या स्प्रेमधले सिलिकॉन आहे. त्यावर लाख देऊन भागत नाही, आधी ते काढावेच लागते.

जुने पॉलिश कोणते, हे आधी तपासा

पृष्ठभाग पुसून कापसाचा बोळा स्पिरिटमध्ये भिजवून ठेवा. मिनिटभरात चिकट झाले तर लाखेचे पॉलिश. स्पिरिटला काही झाले नाही तर तेच एनसी (नायट्रोसेल्युलोज) थिनरने करा. विरघळले तर लॅकर. दोन्हींना दाद देत नसेल तर मेलामाइन किंवा पीयू (पॉलियुरेथेन), आणि मग आतून रंग सुटण्याची भीती कमी पण रंग न धरण्याची जास्त. स्पिरिट म्हणजे फ्रेंच पॉलिशचे मिथिलेटेड स्पिरिट. टर्पेंटाइन वेगळे, त्यात लाख विरघळत नाही.

घासायला घेण्याआधी एक गोष्ट. वस्तूवर जुना ऑइल पेंट असेल, विशेषतः पिवळा, हिरवा किंवा लाल, तर त्यात शिसे आहे असे धरूनच काम करा. घरगुती रंगांतले शिसे ९० पीपीएमवर (दहा लाख भागांत ९० भाग) आणणारे नियम भारतात २०१६ साली निघाले आणि १ नोव्हेंबर २०१७ पासून लागू झाले; त्याआधीच्या रंगांचा भरवसा नाही. कोरडे घासू नका. वॉटर पेपर पाण्यात भिजवून घासा, एन-९५ मास्क लावा, खाली प्लास्टिक अंथरा, निघालेला गाळ ओल्या फडक्याने टिपून बांधून टाका. लहान मुले आणि गरोदर बाई त्या खोलीत नको. खालचे जुने रंग मुद्दाम उघडे पाडायचे म्हणजे या शैलीत शिसेच हाताशी आणून ठेवायचे, हे विसरू नका. मुलांचा पाळणा, बाबागाडी, खेळण्यांची पेटी अशा वस्तूंवर तर हा प्रयोग नकोच.

डाग बंद करण्याची पद्धत

आधी सफाई. टर्पेंटाइनच्या फडक्याने मेण आणि तेल काढा, फडके मळले की बदला. मळलेल्या फडक्याने पुसले की मेण फक्त एका जागेवरून दुसऱ्या जागी जाते. नंतर भांड्यांचा साबण चमचाभर, लिटरभर कोमट पाण्यात. त्यानंतर साध्या पाण्याचे दोन हात आणि एक दिवस वाळवण. धुण्याचा सोडा सागवानावर वापरू नका. क्षारामुळे लाकूड काळवंडते. याच कारणाने पांढऱ्या सिमेंटची भिंतीची पुट्टी लाकडाच्या भेगांत भरायची नाही. ती तडकते आणि भोवती तपकिरी कड उमटते. लाकडाची लांबी (भेगा भरायचा लगदा) वापरा किंवा फेविकॉलमध्ये त्याच लाकडाचा बारीक भुसा कालवा.

गुलाबी डागाचा धोका असेल तर जुने लाखेचे पॉलिश शक्य तेवढे उतरवून टाका. दीड-दोन फुटांचा भाग घ्या, स्पिरिटने भिजवा, तीन-चार मिनिटे थांबा, घासणीने सैल करा आणि स्वच्छ फडक्याने उचलून घ्या. पुसत पसरवू नका. नक्षीच्या खाचांत जुना टूथब्रश चालतो. फडक्यावर रंग येणे अगदी थांबणार नाही, पण फिकट होईल तेवढे पुरे.

खिळ्यांची डोकी ठोकून दीड-दोन मिलिमीटर आत घ्या. काळा डाग आधीच असेल तर ऑक्झॅलिक अ‍ॅसिड: पाव लिटर कोमट पाण्यात साधारण २० ग्रॅम, ब्रशने लावायचे, वीस मिनिटे ठेवायचे, डाग फिका झाला की भरपूर पाण्याने पुसायचे. शेवटचा हात ग्लासभर पाण्यात चमचाभर खाण्याच्या सोड्याचा, आणि मग पुन्हा साधे पाणी. ऑक्झॅलिक अ‍ॅसिड विष आहे. हातमोजे आणि चष्मा हवाच, आणि नीट धुतल्याशिवाय त्या भागावर कोरडा पॉलिश पेपर फिरवायचा नाही, धूळ नाका-घशाला झोंबते.

मग १२० नंबरचा पॉलिश पेपर, त्यावर १८०. नसांच्या दिशेने. चकाकी मेली की थांबा, लाकडापर्यंत जायची गरज नाही.

आता खरा इलाज, आणि तो आपल्याच मातीतला आहे: चपडा लाख. ज्या देशात लाख तयार होते तिथे डाग रोखायला परदेशी डबा मागवायचे कारण नाही. २५० मिली स्पिरिटला ६० ग्रॅम चपडा, काचेच्या बरणीत, रात्रभर, अधूनमधून हलवत. धातूच्या डब्यात ठेवू नका, लाख काळवंडते. विरघळल्यावर दोन दिवस बरणी हलवू नका. तळाशी दुधाळ मेण बसते. वरचे निवळ अलगद ओतून घ्या आणि गाळ सोडून द्या. या मेणावर पुढचा हात नीट धरत नाही, म्हणून हा खटाटोप. सहा फुटी दोन दारी कपाटाला बाहेरून दोन हात द्यायला साधारण लिटरभर द्रावण लागते, म्हणजे लिटरला २४० ग्रॅम चपडा.

विरघळवलेली लाख सहा महिन्यांपेक्षा जुनी असेल तर काचेवर थेंब टाकून पाहा. अर्ध्या तासात नखाला कडक लागला तर ठीक. रबरासारखा मऊ राहिला तर बरणी टाकून द्या. अशी लाख कधीच पक्की वाळत नाही, वरचा रंगही चिकट राहतो, आणि दोष मात्र रंगाला दिला जातो.

पहिला हात अर्धे स्पिरिट घालून पातळ केलेला. मऊ केसांचा ब्रश, एका दिशेने एकच फटका, आणि परत त्यावरून जायचे नाही. इथे बहुतेकांचे चुकते. नव्या लाखेतले स्पिरिट खालचे जुने पॉलिश पुन्हा सैल करते. ब्रश दोन-तीनदा फिरवला की गुलाबी रंग ढवळून वर येतो आणि जो थर डाग रोखणार तोच डागाळतो. तासाभराने दुसरा हात न पातळ करता. फळ्यांची टोके, गाठी आणि खिळ्यांच्या जागी तिसरा. रात्रभर वाळू द्या, ३२० च्या पेपरने अगदी हलका हात फिरवा, धूळ कोरड्या फडक्याने झटका.

स्पिरिटची वाफ पटकन पेट घेते. खिडक्या उघड्या, गॅस बंद, आणि देव्हाऱ्यातले निरांजन, उदबत्तीही विझलेली हवी.

पूर्ण कपाट रंगवण्याआधी आतल्या बाजूला वीतभर चौकोनावर हे सगळे करून त्यावर पांढरा हात द्या आणि दोन दिवस पाहा. डाग आला तर लाखेचा आणखी एक हात. फक्त टॅनिनचा डाग असेल तर तेलाचा पांढरा वुड प्रायमरही बऱ्यापैकी चालतो. पॉलिशच्या लाल रंगापुढे तो टिकत नाही. पाण्याचा साधा प्रायमर दोन्हींना निरुपयोगी.

रंग घरी करत असाल तर

खडूसारखा मॅट रंग घरी जमतो. ३०० मिली मॅट इमल्शन, १०० मिली मापाने पीओपी, १०० मिली पाणी. पीओपी आधी पाण्यात कालवून चहाच्या गाळणीतून गाळा, मगच रंगात घाला. थेट रंगात टाकली की गुठळ्या होतात आणि ब्रशखाली रेघा ओढतात. हे मिश्रण तास-दीड तासात घट्ट होऊ लागते, तेवढेच करा. मिश्रण जास्त वेळ टिकायला हवे असेल तर पीओपीऐवजी पाच मोठे चमचे चॉक पावडर आणि ५०-६० मिली पाणी; ते असे घट्ट होत नाही. पावडर जास्त झाली तर वाळलेला रंग हाताला पांढरा लागतो. चुना घालू नका, कारण वर सांगितलेच: क्षार आणि टॅनिन.

दोन पातळ हात, मध्ये तीन-चार तास. जाड एक हात दिला तर नक्षीच्या खाचांत तो तडकतो.

डाग फक्त घासलेल्या कडांभोवतीच येत असेल

फळीवर काही नाही, पण जिथे कडा घासून लाकूड उघडे पाडले तिथून पिवळी सावली पसरते, असे पुष्कळदा दिसते. घासताना रंगाबरोबर लाखही निघाली आणि त्यावर पाण्याचे वॉर्निश दिले, हे त्याचे कारण. वॉर्निशच्या पाण्याने उघड्या लाकडातला अर्क ओढला. उपाय दोन. एक, घासून झाल्यावर उघड्या कडांवर पातळ लाखेचे फडके फिरवा आणि मगच वॉर्निश. दुसरा जास्त चांगला: लाख वाळल्यावर, रंगाच्या आधी, कडांवर आणि मुठींभोवती साधी मेणबत्ती घासा. तिथे रंग धरत नाही, नंतर २२० च्या पेपरने किंवा पत्रीने हळूच खरवडला की सुटतो, आणि खालची लाख शाबूत राहते. फक्त त्या कडांवरचे मेण टर्पेंटाइनने पुसून काढा, नाहीतर पुढचा हात तिथून सोलेल.

कडा कुठे घासायच्या हेही नीट पाहायला हवे. खणाची मूठ, दाराची हात लागणारी कड, खुर्चीच्या हाताचे टोक, पायांचे खालचे बोटभर. हात आणि पाय लागतात तिथेच लाकूड झिजते. फळीच्या मधोमध केलेली झीज खोटी वाटते, कितीही निगुतीने केली तरी.

रंग पापुद्र्याने सुटत असेल

चार दिवस वाळलेल्या रंगावर कटरने दोन-दोन मिलिमीटरवर आडव्या-उभ्या रेघा पाडा, सेलोटेप घट्ट दाबा आणि झटक्यात ओढा. चौकोन टेपबरोबर आले तर रंगाने धरलेलेच नाही. सगळा खरवडून टर्पेंटाइनपासून पुन्हा सुरुवात, दुसरा मार्ग नाही. पीयू, मेलामाइन किंवा सनमायकावर १२० च्या पेपरने चकाकी पूर्ण मारल्याशिवाय काहीच टिकत नाही.

आधीच तीन हात देऊन बसला असाल आणि फक्त डागाची तक्रार असेल, तर हीच टेपची चाचणी करा. चौकोन जागेवर राहिले तर रंग उतरवायची गरज नाही. त्याच रंगावर लाखेचे दोन हात द्या, ३२० फिरवा आणि वर शेवटचा एक हात रंग. वाया गेलेले तीन हात तसे आधाराला उपयोगी पडतात.

पावसाळा आणि उन्हाळा

जून ते सप्टेंबर कोकणपट्टीत लाखेचे काम टाळा. स्पिरिट हवेतली ओल शोषून घेते आणि थर दुधाळ पांढरा पडतो. पडलाच तर कोरड्या दिवशी स्पिरिटने जेमतेम ओलसर केलेले फडके वरून एकदा अलगद ओढा, बहुधा निवळतो.

शेवटचा हात मेणाचा द्यायचा तर १०० ग्रॅम मधमाशीचे मेण आणि २० ग्रॅम कार्नोबा मेण गरम पाण्याच्या भांड्यात वितळवा, चूल बंद करून भांडे दूर न्या, मगच ३०० मिली टर्पेंटाइन घाला. नुसते मधमाशीचे मेण ६२ ते ६५ अंशांना वितळत असले तरी नागपूर-चंद्रपूरच्या मे महिन्यात ते आधीच मऊ पडते, धूळ धरते, कपाटाच्या दाराला हात चिकटतो. कार्नोबा ८० अंशांच्या वर वितळतो, म्हणून तो हवा. फडक्याने पातळ लावा, वीस मिनिटांनी कोरड्या फडक्याने चोळा. खाचांत मेण साठले तर वाळल्यावर पांढरे दिसते. ते टर्पेंटाइनच्या ब्रशने काढा.

मेणावर पीयू कधीच देऊ नका, धरत नाही. दोन्हींपैकी एकच. स्वयंपाकघरातले शेल्फ किंवा रोज पुसायचे टेबल असेल तर पाण्याचे मॅट पीयू. तेलाचे पीयू पांढऱ्यावर स्वतःच पिवळे पडते, आणि तो पिवळेपणा टॅनिनचा समजून लोक पुन्हा लाखेकडे वळतात. फरक सोपा आहे: तेलाच्या पीयूचा पिवळेपणा सगळीकडे सारखा असतो, खालून आलेला डाग ढगाढगांनी येतो.

मेण किंवा पीयू दिलेले कपाट तीन आठवडे भिंतीपासून दोन बोटे दूर ठेवा आणि त्यावर फुलदाणी, ट्रे, पुस्तके ठेवू नका. रंग वरून कोरडा लागला तरी आतून वाळत असतो, आणि त्या काळात ठेवलेली वस्तू उचलताना रंगाचा तुकडा सोबत घेऊन येते.